टाकीच्या सावलीचा हिशेब

24 डिसेंबर. मागच्या नोंदीतलं कोडं सुटलं. लख्ख ऊन असून भर दुपारी गच्चीवरच्या सौर पॅनलमधून बॅटरीत जेमतेम 2.3 अँपिअर जात होते. मी पॅनल आणि बॅटरीच्या मधल्या चार्ज कंट्रोलरवर संशय घेतला, जोडण्या आवळल्या, काच दोनदा पुसली. चोर निघाली पाण्याची टाकी.

मूर्खपणा माझाच. पॅनल बसवलं 20 मेच्या सुमारास, म्हणजे ऐन शून्य सावलीच्या दिवसांत. नाशिक 20 अंश अक्षांशावर, सूर्य बरोबर डोक्यावर, टाकीची सावली टाकीखालीच. त्यात गच्चीभर आईच्या कुरडया वाळत होत्या. टाकीच्या उत्तरेला जी अरुंद जागा उरली, तिथेच पॅनल उभं केलं. आता सूर्य माध्यान्हीलासुद्धा 47 अंशांच्या वर चढत नाही.

पण सावली होती खालच्या वीतभर पट्टीवर. तेवढ्याने सगळंच बसावं? हे 330 वॅटचं जुनं 72 सेलचं पॅनल. पॅनलच्या लांबीच्या दिशेने सेलच्या सहा ओळी, दोन-दोन ओळींचे तीन गट, गटाला एकेक बायपास डायोड, म्हणजे सावलीतल्या गटाला वळसा घालून वीज पुढे नेणारी वाट. पॅनल उभं असेल तर खालची सावली सहाही ओळींना चाटते आणि तिन्ही गट मान टाकतात. आडवं असेल तर एकच गट जातो. हाफ-कट, म्हणजे अर्ध्या कापलेल्या सेलची पॅनल असणाऱ्यांना हा ताप बराच कमी.

25 डिसेंबर. धाकट्या भावाला हाताशी घेऊन पॅनल आडवं केलं. स्टँडला नवी भोकं पाडण्यातच सकाळ गेली. दुपारी साडेबाराला, तेवढीच सावली असताना, 12.4 अँपिअर! सावलीबाहेर धरलं तर 19.

जाता जाता: थंडीत पॅनलचं व्होल्टेज चढतं. निफाडकडच्या मंडळींनो, अशी दोन पॅनल सिरीजमध्ये जोडणार असाल तर व्होल्टेजची बेरीज होते, तेव्हा कंट्रोलरची 100 व्होल्टची मर्यादा आधी तपासा.

आमच्या नाशिकरोडच्या गच्चीवरून एकलहऱ्याच्या औष्णिक वीज केंद्राची धुराडी दिसतात. तिथला एक संच 210 मेगावॅटचा, म्हणजे कागदावर माझ्यासारखी सहा लाखांहून जास्त पॅनल. भावाने हा हिशेब ऐकला आणि म्हणाला, ‘मग आधी हे एक तरी उन्हात ठेव.’

जागा हलवायची तर आईची परवानगी लागेल. तिने दक्षिणेचा कोपरा दिलाय, पण मार्चपर्यंतच.