औदुंबर, भादली आणि माझी नववीची वही

शाळेच्या मेळाव्याच्या स्मरणिकेसाठी काहीतरी लिही म्हणून ग्रुपवर तीनदा मेसेज आला तेव्हा पहिल्यांदा मनात आलं ते गॅदरिंग, सहल, छड्या वगैरे, पण ते बाकीचे लिहितीलच, म्हणून मी मराठीच्या सरांच्या दोन तासांबद्दल लिहितोय. फक्त दोन तास.

नववीत असताना सरांनी एक दिवस फळ्यावर आठ ओळी लिहिल्या. कवीचं नाव नाही, काही नाही. ऐल तटावर पैल तटावर हिरवाळी, झरा, टेकडीकडे चार घरांचं गाव, शेतमळे, पांढरी पायवाट, आणि शेवटी पाण्यात पाय टाकून बसलेलं औदुंबराचं, म्हणजे उंबराचं झाड. म्हणाले, हे झाड काय करतंय ते वहीत लिहा. आता आपल्यातल्या निम्म्या पोरांची उन्हाळ्याची सुट्टी नदीवरच जायची आणि उंबर काय असतो हे कोणाला सांगायला नको, पिकलेलं फळ फोडलं की आत किडे, दत्ताचं झाड म्हणून कुऱ्हाड कोणी लावत नाही. मी लिहिलं, पाय गार करत बसलाय. मागच्या बाकावरून एकजण मोठ्याने बोलला, सर, मासे धरतोय! सर हसले पण चूक नाही म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सरांनी सांगितलं की ही औदुंबर नावाची कविता बालकवींची. म्हणजे त्र्यंबक बापूजी ठोंबरे, जन्म 1890, धरणगाव, म्हणजे आपल्याच जिल्ह्यातला माणूस. 1907 मध्ये जळगावला कविसंमेलन झालं तिथे या पोराने कविता म्हटली आणि बालकवी हे नाव त्याला तिथेच मिळालं. आणि 5 मे 1918 ला भादली स्टेशनवर रूळ ओलांडताना गाडीखाली गेले. वय 27. भादली! जळगाव आणि भुसावळच्या मधलं, जिथे आपल्या पॅसेंजरला क्रॉसिंगसाठी ताटकळत ठेवायचे ते. वर्ग एकदम गप्प झाला. मग सर फळ्याकडे वळले आणि तीच कविता पुन्हा वाचली. पायवाट हिरव्या कुरणातून चालली काळ्या डोहाकडे, ही ओळ आली आणि मला खरंच काटा आला. एक अक्षर बदललं नव्हतं हो, काल ह्याच ओळीला आम्ही खिदळत होतो. सर म्हणाले, आता पुन्हा लिहा. मी लिहिलं, मरणाची वाट बघत बसलाय.

पुढे कॉलेजात समीक्षेची पुस्तकं हातात पडली तेव्हा कळलं की मोठमोठ्या लोकांनी ह्या आठ ओळींवर पानंच्या पानं भांडण केलंय. कोणी म्हणतं हे निव्वळ निसर्गचित्र आहे, कोणाला त्यात विरागी, कोणाला मृत्यू दिसतो. आणि बालकवींचंही तसंच झालं. आनंदी आनंद गडे आणि फुलराणीमुळे त्यांच्यावर गोड निसर्गकवी असा शिक्का बसला, शाळेतल्या पोरांनी हातवारे करत म्हणायच्या कविता. मग लोकांना पडक्या धर्मशाळेच्या कौलावर बसलेला त्यांच्या कवितेतला पारवा दिसला, ती कुठून येते कळत नाही अशी उदासीनता दिसली, आणि आता उलटं झालं, कुठलीही कविता घ्या, त्यात दुःख शोधायचं. लक्ष्मीबाई टिळकांच्या स्मृतिचित्रे या आत्मचरित्रात मात्र हेच ठोंबरे नगरला लक्ष्मीबाई आणि त्यांचे पती, कवी ना. वा. टिळक यांच्या घरात वावरणारे, सांभाळून घ्यावं लागणारं पोर म्हणून भेटतात. ते वाचलं की दोन्ही शिक्के जरा सैल होतात.

माझं स्वतःचं मत विचाराल तर मृत्यूवाल्यांशी माझं एका शब्दावरून भांडण आहे. शेवटून दुसऱ्या ओळीत पाण्यावर काळिमा पसरते, पण कशी, तर गोड. हा गोड शब्द सगळे पटकन गिळून पुढे जातात. दाट झाडाखाली दुपारी डोहाचं पाणी काळं दिसतं ते ज्याने बघितलंय त्याला तो गोड बरोबर कळतो, त्यात पाय सोडून बसावंसं वाटतं, भीती नाही वाटत. आणि कवीला ही कविता लिहिताना भादली थोडीच माहीत होती? ती आपल्याला माहीत आहे. आपणच ती गाडी घेऊन कवितेत शिरतो.

पण हे सगळं तावातावाने सांगणारा मी दिवाळीला भुसावळला जाताना, गाडी न थांबता भादलीवरून धडधडत जाते तेव्हा हातातला मोबाईल बाजूला ठेवतो आणि मनात ती पायवाट येतेच, गोड वगैरे काही आठवत नाही.

माझ्या मुलीला ही कविता वाचून दाखवली तर ती म्हणाली, बाबा, औदुंबर हे त्या आजोबांचं नाव आहे का? पुण्यात सोसायटीत वाढलेली, उंबर तिने बघितलेला नाही. मी चूक म्हणणार होतो, मग सर आठवले.

ती नववीची वही आईने माळ्यावर ठेवली होती, मागच्या महिन्यात सापडली, मेळाव्याला घेऊन येतोय. समोरासमोरच्या पानांवर दोन्ही उत्तरं आहेत. दोन्हीवर लाल शाईची बरोबरची खूण, आणि दोन्हीकडे अर्धा अर्धा मार्क कापलाय, कारण औदुंबरमधला दु मी दोन्ही वेळा दीर्घ काढला होता.