तडजोडीच्या कागदावर सही करण्याआधी

मी औरंगाबाद खंडपीठात फौजदारी वकिली करते. ४९८-अ चे, म्हणजे नवऱ्याने किंवा सासरच्यांनी बायकोचा छळ केल्याचे, गुन्हे तडजोडीने रद्द करून घेणारे अर्ज आमच्याकडे कायम असतात. हा गुन्हा खालच्या कोर्टात मिटवता येत नाही, म्हणून उच्च न्यायालयात यावं लागतं. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२ खाली, आता तिच्या जागी आलेल्या बीएनएसएसच्या ५२८ खाली. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१२ च्या ग्यान सिंग निकालाने हद्द आखून दिली: घरगुती, पैशांचे वाद मिटवा, खून, बलात्कार, दरोडा नाही.

घटस्फोट झालाय, दोघांनाही मोकळं व्हायचंय, तर खटला वर्षानुवर्षं ओढण्यात मला अर्थ वाटत नाही. पण फिर्यादी बाईशी मी एकटीशी बोलतेच. मामा, भाऊ, सगळ्यांना बाहेर बसवून. मध्यंतरी एकीने प्रतिज्ञापत्र वाचलं, पोटगीच्या डीडीवरचा आकडा बघितला आणि हळूच म्हणाली, "मॅडम, माझे दागिने अजून तिकडेच आहेत." संमतीच्या अटींत त्यांचा उल्लेखच नव्हता! यादी जोडली, दागिने हातात पडले, मगच सही.

मुलांच्या बाबतीत तर माझा ठाम विरोध आहे. राजस्थानात एका शिक्षकावरचा पॉक्सोचा (मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धच्या कायद्याचा) गुन्हा मुलीच्या वडिलांशी समझोता झाला म्हणून रद्द झाला होता. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश फिरवला. फार बरं वाटलं. मुलीच्या अंगावर हात टाकलेला, तो बापाने माफ करायचा कसा?