गुनुंग प्राऊ: ‘अजून पाच मिनिटं’ ऐकलंत की खाली बसा

इंडोनेशियात जावा बेटावरच्या दिएंग पठारावरचा प्राऊ म्हणजे ‘नवशिक्यांचा डोंगर’, असं झाडून सगळ्या रील्स सांगतात. उंची 2,565 मीटर, पाताक बांतेंग गावातून दोन-तीन तासांची चढण. त्या रील्स करणाऱ्यांना एकदा भेटायचंय मला.

ऑगस्टमधल्या शनिवारी सकाळी 10 ला निघालो. गावातून बटाट्याच्या शेतांपर्यंत मोटरसायकलवाले (ओजेक) सोडतात. माझ्याकडून पुढच्या पोराच्या दुप्पट घेतले. तरी ओजेक घ्याच, फक्त बसण्याआधी भाव ठरवा.

खरी रडारड तिसऱ्या टप्प्यानंतर. नुसती मुळं आणि पावलागणिक घसरणारी भुसभुशीत माती. त्यात रविवारच्या कळसूबाईच्या शिडीला असते तशी रांग. माझ्या पुढची मुलगी कापडी बुटांत, तिची प्रत्येक पायरी माझ्या तोंडावर. तोंडाला बांधायला फडकं नेलं नाहीत तर दोन दिवस मातीच थुंकाल.

वरून उतरणारी पोरं बहुतेक ‘तेकतोक’वाली, म्हणजे तंबू न लावता एका दमात चढून-उतरून जाणारी. प्रत्येक जण हसून म्हणतो, ‘‘सेमांगात, मास! लीमा मेनित लागी!’’ दम धर दादा, पाच मिनिटं राहिली. ही पाच मिनिटं मी पाऊण तास चढत होतो. शेवटी रांगेतल्या एकाने समजावलं, याला ‘पे-हा-पे’ म्हणतात: खोटी आशा लावणारा. मूळ शब्द प्रेमात झुलवणाऱ्यांसाठीचा, पण डोंगरावर चपखल बसतो.

माथ्यावर तंबूला तंबू चिकटलेले. शेजारचा स्पीकर रात्री 1 पर्यंत चालू. वर पाणी नाही, खालूनच न्या. भाड्याची स्लीपिंग बॅग घेऊ नका. या दिवसांत दिएंगला गवतावर हिम धरतं आणि ती बॅग चादरीच्या लायकीची असते. पहाटे समोर सिंदोरो आणि सुंबिंग हे दोन ज्वालामुखी दिसले, छान होते. त्यापुढे कागदावर ‘हॅपी बर्थडे’ लिहून मैत्रिणीसाठी फोटो काढणाऱ्यांची वेगळी रांग.

उतरताना दिएंगची वाट धरली. लांब आहे, पण गुडघ्यांची दया करणारी. माझं कोणी निघालं तर याच वाटेने चढायला सांगेन, तेही मंगळवारी.