ओमित्सुला काय म्हणायचं?

मूकपटाला सबटायटल्स करणं सोपं, असं आमच्या फिल्म सोसायटीच्या अख्ख्या कार्यकारिणीला वाटतं. संवादच नाहीत, मग काम ते किती! म्हणून फोन आला तो सहा दिवस आधी.

चित्रपट नारुसे मिकिओ यांचा, 1933 चा, 'योगोतो नो युमे'. (आपल्याकडे 'अयोध्येचा राजा' 1932 लाच बोलू लागला होता. जपानी पडदा बराचसा मुकाच होता. शेजारी उभा राहून गोष्ट बोलणारा बेन्शी होता ना तिथे.) नवरा परागंदा झालेला, पदरी लहान पोर, आणि ओमित्सु बंदरावरच्या बारमध्ये खलाशांना दारू देते. नवरा परत येतो, पण त्याला काम कुणी देत नाही.

असल्या बायकांना तेव्हा जोक्यू म्हणत. पगार नावाला, जगायचं टिपांवर. मराठीत काय लिहू? 'वाढपी' म्हटलं की पंगत दिसते. 'बारमध्ये दारू देणारी' मावत नाही. मूकपटात बोलणं लिहून दाखवणारी मूळ पाटी पडद्यावर राहते काही सेकंद. तिची अक्षरं उभी, उजवीकडून डावीकडे. माझी ओळ तिच्या पायाशी आडवी. जपानी येत नसलं तरी माणूस आधी त्या अक्षरांकडेच बघतो आणि मग खाली उतरतो. तेवढा वेळ माझ्या ओळीतून कापला जातो. रात्री दीडला 'बारबाला' टाकलं आणि झोपलो.

खेळाला मी शेवटच्या रांगेत, लॅपटॉपवर दर पाटीला स्पेसबार दाबत. ती ओळ आली आणि खसखस पिकली.

2005 च्या डान्सबार बंदीपासून हा शब्द आपल्याकडे कोणत्या सुरात उच्चारला जातो, हे मला काय माहीत नव्हतं? पुढे पुन्हा तोच शब्द येणार होता. अंधारात फाईल उघडून तो खोडायला लागलो. नुसतं 'ओमित्सु' केलं. तोवर दोन पाट्या माझ्या ओळीविनाच गेल्या.

पोराला मोटारीची धडक बसते, उपचारांच्या पैशांसाठी बाप चोरी करतो, मग पाण्यात जीव देतो. त्याची चिठ्ठी ओमित्सु चिडून फाडते. तिथे मात्र कुणी हसलं नाही.

चहाच्या वेळी अध्यक्ष म्हणाले, "छान झालं हो, पण मध्ये दोन पाट्या उडाल्या बघा तुमच्या."

शब्दाबद्दल अवाक्षर नाही. पुढचा खेळ महिन्याभराने आहे. फाईलमध्ये पहिल्या ठिकाणी अजून 'बारबाला'च आहे, पिवळ्या रंगात.