तुम्ही विचारलंत म्हणून: टेनिसनच का?

अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातीत जन्मल्यामुळे कर्णधारपद नाकारले गेलेले थोर गोलंदाज पळवणकर बाळू यांचे चरित्र समोर असताना तुम्ही लायोनेल टेनिसन या इंग्रज लॉर्ड क्रिकेटपटूच्या मागे का लागला आहात, हा प्रश्न मला इतक्या वेळा आणि इतक्या सौजन्याने विचारण्यात आला आहे की आता ते सौजन्यच बोचू लागले आहे. बाळूंविषयी मी बोलतो तेव्हा ‘का’ असे कोणी विचारीत नाही, हेही येथे नोंदवून ठेवतो. आक्षेप असा की टेनिसन हा राजकवी आल्फ्रेड टेनिसनचा नातू, ऑस्ट्रेलियाच्या गव्हर्नर जनरलचा मुलगा, ईटन या उमरावांच्या शाळेचा विद्यार्थी, आधी कोल्डस्ट्रीम गार्ड्स आणि मग रायफल ब्रिगेड या पलटणींत अधिकारी. अशा माणसाकडे हँपशर या कौंटी संघाचे आणि पुढे इंग्लंडचे कर्णधारपद आले, यात त्याचे कर्तृत्व ते काय?

पद त्याच्याकडे आले यात कर्तृत्व नव्हतेच, आणि होते असे मी कधी म्हटलेलेही नाही. पैसे घेऊन खेळणाऱ्याने इंग्लंडचा कर्णधार व्हायचे नाही, असा तेव्हाचा रिवाज होता, आणि तो १९५२ साली लेन हटन या व्यावसायिक खेळाडूची नेमणूक झाली तेव्हा कुठे मोडला. टेनिसनच्याच हँपशरमधील व्यावसायिक फलंदाज फिल मीडने प्रथम श्रेणीत ५५ हजारांहून अधिक धावा केल्या, १९२१ च्या ओव्हल कसोटीत टेनिसनच्याच हाताखाली नाबाद १८२ काढल्या, तरी कर्णधार म्हणून त्याचा विचारही शक्य नव्हता. यष्टिरक्षक वॉल्टर लिव्हसी तर टेनिसनच्या पदरी खासगी नोकर होता. १९२२ साली एजबॅस्टनला हँपशरचा डाव १५ धावांत आटोपला आणि फॉलोऑननंतर, म्हणजे पिछाडी मोठी म्हणून लागलीच पुन्हा फलंदाजी करावी लागल्यावर, त्यांनी ५२१ धावा करून सामना १५५ धावांनी जिंकला, तेव्हा लिव्हसीच्या नाबाद ११० होत्या. दिवसा मैदानात मालकाची अब्रू राखायची आणि एरवी त्याच्या कपड्यांची उस्तवार करायची, ही व्यवस्था मलाही तुमच्याइतकीच खुपते.

परंतु मी ज्यासाठी त्याच्याकडे पुन्हा पुन्हा वळतो ती १९२१ सालची ऑस्ट्रेलियाविरुद्धची हेडिंग्लेची कसोटी आहे. इंग्लंड सलग सात कसोट्या हरले होते. आधीच्या लॉर्ड्स कसोटीत टेनिसनने ऑस्ट्रेलियाचे वेगवान गोलंदाज ग्रेगरी आणि मॅकडोनाल्ड यांच्या माऱ्यापुढे नाबाद ७४ धावा केल्या होत्या. म्हणून तोवरचा कर्णधार डग्लस याला उतरवून ते पद टेनिसनला देण्यात आले, आणि डग्लस त्याच्या हाताखाली मुकाट खेळला. ऑस्ट्रेलियाच्या पहिल्याच डावात मॅकार्टनीचा फटका अडवताना टेनिसनचा डावा हात अंगठा आणि तर्जनी यांच्या मध्ये फाटला. त्यातच इंग्लंडचा सलामीवीर जॅक हॉब्ज याला आंत्रपुच्छाच्या दुखण्याने सामना सोडावा लागला, म्हणजे संघ एका फलंदाजाने आधीच अपुरा झाला होता. उजव्या हाताने खेळणाऱ्याचा डावा हात मुठीवर वरच्या बाजूला असतो आणि बॅटला दिशा तोच देतो. तो निकामी झाल्यावर त्या काळच्या सर्वांत वेगवान जोडीसमोर उभे राहणे म्हणजे काय, याची कल्पना लेदर बॉलने खेळलेल्यांना करता येईल. तो जवळजवळ एका हाताने खेळला आणि त्याने ६३ धावा काढल्या. ऑस्ट्रेलियाच्या ४०७ धावा होत्या, फॉलोऑन टाळण्यासाठी २५८ हव्या होत्या, आणि इंग्लंडच्या झाल्या २५९. दुसऱ्या डावात त्याच फाटक्या हाताने त्याने आणखी ३६ केल्या. इंग्लंड २१९ धावांनी हरले आणि मालिकाही गेली.

महायुद्धात हा माणूस तीनदा जखमी झाला होता आणि त्याचे दोन्ही भाऊ त्याच युद्धात गेले होते. अधिकाऱ्याने जखम दाखवायची नसते आणि शिपायांच्या पुढे चालायचे असते, हा पलटणीचा संस्कार तो हेडिंग्लेवर घेऊन आला, असे मी पूर्वी मोठ्या आवेशाने सांगत असे, आणि श्रोते गप्प होत. त्या माझ्याशी आज माझे पटत नाही. पुढे चालण्याचा हक्क जन्माने मिळालेल्याने पुढे चालून दाखवले, तर ते शौर्य म्हणायचे की घेतलेल्या किमतीची परतफेड? शिवाय फाटक्या हाताची गोष्ट टिकते ती कर्णधाराची. मीडच्या बोटांना किती वेळा मार लागला असेल, ते कोणी लिहून ठेवलेले नाही. मात्र लगेच तो जुना मी उलट विचारतो की ग्रेगरीच्या चेंडूला समोरच्याची वंशावळ कळत होती काय, आणि त्याला मला गप्प करता येत नाही.

आपल्याकडचे उदाहरण घ्या. १९३२ च्या इंग्लंड दौऱ्याचे कर्णधार पोरबंदरचे महाराज होते. लॉर्ड्सवरील आपल्या पहिल्या कसोटीत ते स्वतः बाजूला झाले आणि संघ सी. के. नायडूंनी नेला. जखमी हाताने पदावर टिकून राहणाऱ्या टेनिसनपेक्षा धडधाकट असताना पद सोडणारे महाराज मोठे, असे मी कधी म्हणतो. पण फलंदाजी जमत नसलेल्याने बाजूला होणे यात त्याग कितीसा, असेही लगेच मनात येते.

१९३७ च्या डिसेंबरात मुंबईच्या ब्रेबॉर्न स्टेडियमचा प्रारंभ झाला तो टेनिसनच्याच संघाविरुद्धच्या सामन्याने. तोवर तो खराखुरा लॉर्ड झाला होता. त्या दौऱ्यातील पाच अनधिकृत कसोट्यांत आपला कर्णधार संस्थानिक नव्हता, विजय मर्चंट होते. मालिका टेनिसनच्या संघाने ३-२ अशी जिंकली. पण मर्चंटांना सामान्य घरातले ठरवून मला या वादातून सुटता येत नाही, कारण तेही गिरणीमालकांच्याच घरातले.