आमची वाटचाल : पोरगं रिगवर जायच्या आधी

२००९ ला मी मुंबई हायवर, म्हणजे समुद्रातल्या तेलाच्या रिगवर वेल्डर होतो, किनाऱ्यापासून जवळपास १६० किमी आत, चौदा दिवस काम आणि चौदा दिवस घरी. रोज संध्याकाळी घरी फोन, आणि रोज बहीण म्हणायची, सगळं बरं हाय, तू जेवलास का. ड्युटी संपवून सिद्धेश्वर एक्स्प्रेसने सकाळी सोलापूरला उतरलो तर भाऊ गाडी घेऊन उभा, घरी न नेता सरळ हॉस्पिटलला घेऊन गेला. आप्पांना नऊ दिवसांपूर्वी लकव्याचा झटका आला होता. आप्पा वाचले, पण त्यानंतर फोनवर "बरं हाय" ऐकलं की माझ्या पोटात गोळा यायचा, उंचावर काम करताना हात थांबायचा. हे फार धोक्याचं असतं.

२०१४ ला नोकरी सोडून अक्कलकोट रोडला यंत्रमागाची एक बंद शेड भाड्याने घेतली आणि लांबच्या कामाला जाणाऱ्या पोरांना तयार करायचं ट्रेनिंग सुरू केलं, पहिल्या बॅचला सहाच पोरं. लोक म्हणायचे कामाला जायला कसलं ट्रेनिंग, अंगात ताकद असली की झालं. अहो, अंटार्क्टिकाला जाणाऱ्या आपल्या टीमची आधी एम्समध्ये तपासणी होते, मग उत्तराखंडातल्या औलीला आयटीबीपीकडे, म्हणजे तिबेट सीमेवरच्या पोलीस दलाकडे बर्फातलं ट्रेनिंग होतं, आणि आमच्या फिटरला मात्र तिकीट हातात देऊन गाडीत बसवायचं?

आपल्याकडच्या बऱ्याच पोरांना पोहता येत नाही, म्हणून सुरुवात विहिरीपासून. रिगवर हेलिकॉप्टरने जावं लागतं, आणि हेलिकॉप्टर पाण्यात पडलं की बहुतेक वेळा उलटं होतं, कारण इंजिनाचं वजन वर असतं. तेव्हा एक हात खिडकीच्या चौकटीवर, दुसरा बेल्टच्या बकलवर, आणि फिरणं थांबेपर्यंत बेल्ट सोडायचा नाही, कारण आधी सोडला तर वर कुठे खाली कुठे कळतच नाही. याचं सर्टिफिकेट मान्यताप्राप्त सेंटरलाच मिळतं, आम्ही फक्त पाण्याची भीती घालवतो. तेवढ्यालाच कुणाला आठवडा लागतो, कुणाला महिना.

लेहला रस्त्याच्या कामावर जाणाऱ्यांचं वेगळं. सोलापूर दीड हजार फुटांवर, लेह साडेअकरा हजार. आमचा एक तालमीतला पोरगा विमानातून उतरला आणि मुकादमाने त्याच दिवशी त्याला सिमेंटची पोती उचलायला लावली, रात्री उलट्या, डोकं फुटायची वेळ. तब्येत कितीही दणकट असली तरी विरळ हवेची सवय व्हायला दिवस जावेच लागतात. आता मी प्रत्येकाला बजावतो, पहिले दोन दिवस नुसतं पडून राहायचं, कोण काय बोलायचं ते बोलू दे.

पण माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा आमचा रविवार. त्या दिवशी घरच्यांना बोलावतो, आई, बायको, भाऊ, सगळे शेडमध्ये सतरंजीवर. त्यांना एकच सांगतो की आजारपण लपवायचं नाही, फक्त कोण सांगणार आणि कधी सांगणार हे आत्ताच ठरवा, काम चालू असताना नको, त्या दिवसाचं काम संपल्यावर, आणि आधी त्याच्या सुपरवायझरला कळवा म्हणजे तो एकटा नसेल.

मागच्या बॅचला एक मावशी बराच वेळ पदराशी चाळा करत बसल्या होत्या. मग म्हणाल्या, "काय ओ सर, तिकडं लांब एकटा रडत बसंल की ओ लेकरू." शेजारीच बसलेला पोरगा म्हणाला, "रडतो की आई. पण तू सांग."