अँटिओकसचे हप्ते

करारनामा हातात आला की मी आधी मागची पानं वाचते. बँकेच्या वसुली विभागात नोकरी संपली, सवय तेवढी राहिली. पुढच्या पानावर स्नेह, सहकार्य, उभयपक्षी विश्वास वगैरे असतो. मुदत किती, जामीन कोण, हप्ता थकला तर काय, हे सगळं मागे बारीक अक्षरात. रोमने हरवलेल्या अँटिओकस राजाशी केलेला अपामियाचा तह पॉलिबियस या ग्रीक इतिहासकाराच्या ग्रंथात कलमवार दिलेला आहे. तोही मी असाच शेपटाकडून वाचला.

थोडक्यात पार्श्वभूमी. अलेक्झांडरच्या मागे त्याच्या सरदारांनी राज्य वाटून घेतलं, त्यातला सगळ्यात लांबरुंद वाटा सेल्युकसच्या घराण्याकडे गेला. त्याच घराण्यातला अँटिओकस तिसरा. हा पूर्वेला हिंदुकुश ओलांडून आलेला, इ.स.पू. २०६ च्या सुमारास सुभगसेन नावाच्या भारतीय राजाकडून हत्ती घेऊन परत गेला, त्यामुळे आपल्याकडच्या पुस्तकांतही एखाद्या ओळीपुरता भेटतो. पुढे ग्रीसमध्ये उतरून रोमशी भिडला आणि आशिया मायनरमधल्या मॅग्नेशियाच्या लढाईत सपाटून हरला. इ.स.पू. १८८ मध्ये तह झाला.

पहिलं कलम गोड आहे. अँटिओकस आणि रोमन लोक यांच्यात कायमची मैत्री राहील, राजाने अटी पाळल्या तर. मागच्या कलमांत त्या अटी. टॉरस पर्वताच्या अलीकडचा मुलूख सोडायचा. आरमार कापायचं. सगळे हत्ती द्यायचे आणि पुन्हा पाळायचे नाहीत. रोमचा जुना शत्रू, कार्थेजचा सेनापती हॅनिबल, याला आमच्या ताब्यात द्यायचं, ‘शक्य असल्यास’. (हे ‘शक्य असल्यास’ ज्याने घातलं त्याला मी मानते. हॅनिबल अर्थातच तोवर पसार.) वीस ओलीस द्यायचे, दर तीन वर्षांनी बदलून, राजाचा धाकटा मुलगा तेवढा बदलायचा नाही. आणि पैसे: उत्तम अ‍ॅटिक चांदीचे १२,००० टॅलंट, बारा वर्षांत, दरसाल १,००० प्रमाणे. त्याआधी ५०० रोख आणि रोमन जनतेने तह मान्य केल्यावर २,५००, म्हणजे एकूण १५,०००. शिवाय ५,४०,००० मोडियस (हे रोमन माप) धान्य वेगळं.

मला जे कलम वाचून हसू आलं ते वजनाचं. एक टॅलंट ८० रोमन पौंडांहून हलकं असता कामा नये. टॅलंट हे वजन गावोगावी वेगळं, तेव्हा उद्या कोणी हलकं माप लावून हप्ता भरला तर? ८० रोमन पौंड म्हणजे साधारण २६ किलो. दर वर्षी २६ टन चांदी मोजून द्यायची. रोमचा मित्र, पर्गाममचा राजा युमेनिस, याचंही येणं त्याच तहात घातलं आहे: ३५० टॅलंट पाच वर्षांत, आणि धान्यापोटी १२७ टॅलंट १,२०८ द्राख्मा. वरचे आठ द्राख्मासुद्धा सोडलेले नाहीत. मसुदा करणाऱ्याने आयुष्यात दुसरं काही केलेलं नसावं.

आता बेरीज करून बघा. बारा गुणिले हजार, बरोबर बारा हजार. व्याज कुठेच नाही. उत्तर आफ्रिकेतल्या कार्थेजवर रोमने इ.स.पू. २०१ मध्ये बसवलेली खंडणीही तशीच: दरसाल २०० टॅलंट, पन्नास वर्षं, एकूण १०,०००. तीही बिनव्याजी. बिनव्याजी कर्जात पैसा जितका लवकर हातात येईल तितका सावकाराचा फायदा, हे सांगायला बँकेत नोकरी करावी लागत नाही.

तर इ.स.पू. १९१ मध्ये, रोम अँटिओकसवर चालून जायच्या तयारीत असताना, कार्थेजचे दूत सिनेटपुढे आले. धान्य देतो, जहाजं देतो आणि खंडणीची राहिलेली सगळी रक्कम आत्ता एकदम भरतो, म्हणाले. चाळीस वर्षांचे हप्ते बाकी होते. रोमला युद्धासाठी पैसा हवाच होता. सिनेटने सांगितलं, मुदतीआधी एक पैही घेणार नाही.

रोमन इतिहासकार लिव्ही हे दोन ओळींत उरकतो. मी मात्र तिथेच थांबले. आमच्या शाखेत एक वीटभट्टीवाले गृहस्थ एकदा उरलेलं सगळं कर्ज फेडायला पिशवी घेऊन आले होते. साहेबांनी त्यांना चहा पाजला आणि कशाला घाई करता, म्हणून तासभर समजावलं. पण साहेबांना व्याज बुडण्याची काळजी होती, तीही उघड. इथे व्याजच नाही. मग रोमचं बुडणार काय होतं?

बुडणार होतं ते खातं. कार्थेजचे दूत दर वर्षी चांदी घेऊन येणार, सिनेटच्या दारात थांबणार, ती मोजून घेतली जाणार. पैसे फिटले की ते येणं बंद. उलट मॅसिडोनियाचा राजा पाचवा फिलिप याने अँटिओकसवर निघालेल्या स्किपिओ बंधूंच्या रोमन सैन्याला आपल्या राज्यातून वाट दिली, रसद दिली, तेव्हा त्याचे राहिलेले हप्ते रोमने चक्क माफ केले. एकाचे पैसे आगाऊ घ्यायचे नाहीत, दुसऱ्याचे मागायचेच नाहीत. हिशेबाच्या दृष्टीने दोन्ही वेडेपणा. राज्याच्या दृष्टीने दोन्ही शहाणपण. रोमचा पूर्वेकडचा सगळा कारभार मला तेव्हापासून या एका नजरेने दिसतो: देणेकऱ्याला मारायचं नाही आणि मोकळंही करायचं नाही.

रोममध्ये हा पैसा कुठे गेला, यावरून नंतर सिनेटमध्ये रणकंदन झालं. फौजेच्या पगारासाठी अँटिओकसकडून आलेल्या ३,००० टॅलंटचा हिशेब द्या, असं एकाने विचारलं. त्या बंधूंपैकी आफ्रिकेचा विजेता स्किपिओ म्हणाला, हिशेब आहे, पण मी कुणाला बांधील नाही. तरी आग्रह झाला, तेव्हा भावाकडून वही मागवली आणि सगळ्यांच्या डोळ्यांदेखत टराटरा फाडून, आता शोधा तुकड्यांत, म्हणाला. वर विचारलं, या ३,००० चा हिशेब हवा, मग १५,००० कुणामुळे येताहेत ते कोणी का विचारत नाही? इतिहासकारांना हा बाणा फार आवडतो. ऑडिटच्या वेळी वही फाडणारा माणूस मला काही आवडला नाही.

इकडे अँटिओकस. तह झाल्याच्या पुढच्याच वर्षी, इ.स.पू. १८७ मध्ये, तो एलिमाइसमधल्या, म्हणजे आजच्या इराणच्या नैऋत्य भागातल्या, बेलच्या देवळातला खजिना उचलायला गेला आणि तिथल्या लोकांनी त्याला ठार केलं. हिंदुकुशपर्यंत जाऊन आलेला, ‘महान’ म्हणवणारा राजा देवळाच्या तिजोरीपायी गेला. मुलगा सेल्युकस चौथा गादीवर आला तो हप्त्यांसकट. त्याचा कारभारी हेलिओडोरस जेरुसलेमच्या मंदिराचा ठेवा ताब्यात घ्यायला गेला आणि सोनेरी चिलखतातल्या घोडेस्वाराने त्याला आडवा केला, अशी कथा मक्काबींच्या दुसऱ्या पुस्तकात आहे. घोडेस्वाराचं सोडून द्या. पण सेल्युकसने याच हेलिओडोरसला लिहिलेलं इ.स.पू. १७८ चं पत्र दगडावर कोरलेलं सापडलं आहे. ते २००७ मध्ये प्रसिद्ध झालं, आणि त्याच शिळेचे खालचे तुकडे इस्रायलमधल्या मारेशाच्या उत्खननात मिळून वरच्या भागाशी जुळले. पत्रात त्या प्रांतातल्या देवस्थानांवर ऑलिम्पिओडोरस नावाचा अधिकारी नेमल्याचा हुकूम आहे. देवस्थानांवर सरकारी अधिकारी! पुढे याच हेलिओडोरसने राजाचा खून केला.

एवढं करूनही हप्ते थकले. बारा वर्षं इ.स.पू. १७६ च्या आसपास भरली, आणि शेवटची रक्कम पोचली इ.स.पू. १७३ मध्ये. तोवर चौथा अँटिओकस गादीवर आला होता. तहाप्रमाणे ओलीस म्हणून रोममध्ये राहिलेला तो धाकटा मुलगा हाच. त्याचा दूत अपोलोनियस सिनेटपुढे आला, उशिराबद्दल राजाच्या वतीने माफी मागितली, थकबाकी एकरकमी भरली आणि वर ५०० पौंड वजनाची सोन्याची भांडी भेट दिली. रोममध्ये असताना राजाला ओलिसासारखं नाही, राजासारखं वागवलं, असंही आवर्जून सांगितलं. सिनेट खूश. दूताला बक्षीस, राहायला घर, मैत्रीचं नूतनीकरण.

खातं निल झालं. तारण मात्र परत मिळालं नाही. चौथ्या अँटिओकसच्या बदली त्याचा पुतण्या, सेल्युकसचा मुलगा डिमीट्रियस, लहानपणीच रोमला पाठवला होता. तो तिथेच राहिला. कोणत्या देण्यापोटी? हे कोणी सांगितलं नाही.

इ.स.पू. १६८ मध्ये अलेक्झांड्रियाजवळ रोमन वकील पॉपिलियस याने काठीने चौथ्या अँटिओकसभोवती वाळूत रिंगण काढलं आणि उत्तर दिल्याशिवाय बाहेर पाऊल टाकायचं नाही म्हणाला, ती गोष्ट सगळ्यांना माहीत असते. राजाने इजिप्त सोडलं. नाट्य खरंच, पण मला त्यापेक्षा दोन वर्षांनंतरची मिरवणूक महत्त्वाची वाटते. अँटिओकजवळच्या डॅफ्नी इथे या राजाने प्रचंड सोहळा केला आणि त्यात साज चढवलेले ३६ हत्ती एकामागे एक चालवले. तहात हत्ती पाळायला बंदी, आणि हे ३६ भर रस्त्यात! सोहळ्यानंतर लगेच रोमचा टायबेरियस ग्रॅकस पाहणीला आला. राजाने त्याची अशी सरबराई केली, की याला संशय म्हणून आलाच नाही. तपासणी अधिकाऱ्याची सरबराई काय चीज असते, ते मी दोन्ही बाजूंनी पाहिलं आहे. तरी ३६ हत्ती दिसत नाहीत असं होत नाही. न दिसणं त्या वर्षी सोयीचं होतं.

कारण राजा मेला आणि नऊ वर्षांचा पाचवा अँटिओकस गादीवर बसला, तेव्हा तेच कलम कपाटातून बाहेर आलं. तेवीस वर्षांच्या डिमीट्रियसने सिनेटला सांगितलं, मी वडिलांसाठी ओलीस होतो, चुलत्याच्या पोरांसाठी नाही. मला जाऊ द्या, राज्य माझं आहे. त्याची बाजू चोख होती. पॉलिबियस लिहितो, सिनेटला तरण्या राजापेक्षा लहान मूल बरं वाटलं. डिमीट्रियसला ठेवून घेतलं आणि ग्नेयस ऑक्टेव्हियसला सीरियात, म्हणजे सेल्युकस घराण्याच्या राज्यात, धाडलं: जहाजं जाळा, हत्तींच्या पायांच्या शिरा तोडा. माणसाळलेली ती जनावरं लोकांच्या देखत मारली. लाओडिकियाच्या व्यायामशाळेत ऑक्टेव्हियस अंगाला तेल लावत असताना लेप्टिनीस नावाच्या माणसाने त्याला भोसकलं.

डिमीट्रियसच्या पलायनाची हकिगत पॉलिबियसने इतकी रंगवून दिली आहे, कारण तो स्वतः त्यात होता. तोही रोममधला ओलीसच, ग्रीसमधून आणलेला, आणि दोघांची शिकारीतली दोस्ती. पुन्हा सिनेटकडे जाऊ नकोस, त्याच दगडाला दोनदा ठेचकाळू नकोस, असं त्याने बजावलं होतं. हा गेला, पुन्हा नकार घेऊन आला, मग ऐकलं. इजिप्तच्या राजाचा दूत मेनिलस परत निघालाच होता; त्याने आपल्या नावावर टायबरच्या मुखाशी उभं असलेलं कार्थेजचं जहाज ठरवलं, टायरच्या देवाला नैवेद्य घेऊन जाणारं. त्या रात्री डिमीट्रियस मेजवानीत होता. पोरगं पिऊन बसेल आणि सगळा बेत बुडवेल, या धास्तीने आजारी पॉलिबियसने अंथरुणातूनच चिठ्ठी पाठवली. खाली नाव नाही, नुसत्या कवितेच्या ओळी, सावध राहा, वेळ घालवू नका अशा अर्थाच्या. डिमीट्रियसने ओळखलं, मळमळतंय म्हणून उठला आणि पहाटेपूर्वी जहाजावर होता. सिनेटला कळून बैठक बसेपर्यंत चार-पाच दिवस उलटले. पाठलागात अर्थ नाही, असं ठरलं.

तो सीरियात उतरला, राजा झाला. चुलतभाऊ मारला गेला. आता ऑक्टेव्हियसच्या खुनाचं प्रकरण मिटवायला हवं होतं. त्याने १०,००० सुवर्णनाण्यांचा मुकुट रोमला पाठवला आणि सोबत खुनी लेप्टिनीसही. लेप्टिनीस स्वतःहून आलेला, खुशीत, जेवणखाण व्यवस्थित. खुनाचं कौतुक करत फिरलेला आयसोक्रेटिस नावाचा पंडित मात्र भीतीने खुळावला होता. वर्षभर ना अंघोळ, ना केस-नखं कापलेली.

सिनेटने मुकुट ठेवून घेतला. आरोपी परत पाठवले. पॉलिबियस कारणही देतो: यांना शिक्षा केली तर खुनाचा बदला झाला असं लोक मानतील, आणि प्रकरण संपेल. त्यापेक्षा दोष तसाच उघडा ठेवावा, लागेल तेव्हा वापरता येईल.

लागला. इ.स.पू. १५२ मध्ये अलेक्झांडर बालास नावाचा एक तोतया, मी चौथ्या अँटिओकसचा मुलगा, असं सांगत सिनेटपुढे उभा राहिला. पॉलिबियससारख्यांना ते सोंग असल्याचं स्पष्ट दिसत होतं. सिनेटने त्याला राज्य मिळवायला मदत करण्याचा ठराव केला. फौज एकही दिली नाही, ठरावच पुरला. दोन वर्षांत डिमीट्रियस लढाईत पडला.